मुद्देमालाची खंडेनवमी

माने घराण्याचं वाहन आजवर कधी शत्रूच्या हाती लागलेलं नाही. साडेतीनशे वर्षांपूर्वी हे घराणं फौजेबरोबर दक्षिणेत उतरलं. तेव्हापासून घोडे गेले ते म्हातारपणाने, बैल गेले ते बाजारात आणि टांगा गेला तो रिक्षा आल्यामुळे. पण चालतं वाहन परक्याच्या ताब्यात गेलं, असं घडलं नव्हतं. येलहंक्याचे हणमंतराव माने हा इतिहास प्रत्येक लग्नात, प्रत्येक बारशात आणि कुणी हात जोडून अडवलं नाही तर तेराव्यालाही सांगत असत. गेल्या सप्टेंबरात त्यांची टिपर लॉरी एका सब-इन्स्पेक्टरच्या हाती लागली. लढाई झाली नाही. ड्रायव्हर परसू टपरीवर चहा पीत होता आणि किल्ली लॉरीलाच होती.

लॉरीत पिनाकिनीच्या पात्रातली वाळू होती. पर्मिटही होतं. ते आदल्या आठवड्याचं होतं, दगड फोडून केलेल्या एम-सँडचं होतं आणि दुसऱ्या लॉरीचं होतं. बाकी त्यात दोष नव्हता. परसूने ते मोठ्या विश्वासाने दाखवलं. सब-इन्स्पेक्टरने ते तितक्याच शांतपणे वाचलं आणि लॉरी ठाण्याच्या आवारात नेऊन लावली.

हणमंतराव तडक भीमाचार्य वकिलांकडे गेले. भीमाचार्यांचं ऑफिस एका झेरॉक्सच्या दुकानाच्या वर होतं. ते घरात कन्नड बोलत, कोर्टात इंग्रजी आणि पक्षकार रडकुंडीला आला की मराठी.

"घाबरू नका," भीमाचार्य मराठीत म्हणाले. "लॉरी आता मुद्देमाल. खटला चालेल तेव्हा चालेल. तोवर ती तिथे ऊन-पाऊस खात गंजणार. म्हणून आपण कोर्टाला अर्ज द्यायचा, की बाबा, खटला संपेपर्यंत ती आमच्याकडे राहू दे, बोलवाल तेव्हा आणून उभी करतो. अंतरिम सुटका."

"द्या अर्ज. कुठे सही करू?"

"तुम्ही नाही. आर.सी.वर ज्याचं नाव, त्याने करायची. आणि त्याने हजर राहायचं. इथे यशोवर्धन हणमंतराव माने असं आहे."

हणमंतराव आर.सी.वरच्या त्या नावाकडे बघत राहिले. भीमाचार्यांना वाटलं, म्हाताऱ्याला धक्का बसला. त्यांनी पाण्याचा पेला पुढे सरकवला. पण हणमंतराव धक्का बसलेल्या माणसासारखे दिसत नव्हते. कुणीतरी आग्रहाने दुसऱ्यांदा वाढल्यावर माणूस जसा दिसतो, तसे दिसत होते.

माने घराण्यात वाहन थोरल्या मुलाच्या नावावर घेतात. पूर्वी मुलगा हाताशी आला की त्याला घोडा देत, त्याचंच हे पुढे चालू राहिलं. घोड्याचा टांगा झाला, टांग्याची टॅक्सी, टॅक्सीची लॉरी. खंडेनवमीला वाहनाला पहिलं कुंकू मुलाने लावायचं, मग बापाने. लॉरी आली तेव्हा यशोवर्धनला नुकतीच अठरा पूर्ण झाली होती. त्याने आर.टी.ओ.त सही केली, कुंकू लावलं, आणि पुढच्या महिन्यात इंजिनिअरिंगला गेला. पुढे त्याच्या वाटचं कुंकूही हणमंतरावच लावत. आता तो इलेक्ट्रॉनिक सिटीत मोठ्या पगारावर होता. आपल्या नावावर लॉरी आहे हे त्याला आठवत असण्याचं काही कारण नव्हतं.

येलहंका शहराच्या उत्तर टोकाला आणि इलेक्ट्रॉनिक सिटी दक्षिण टोकाला. मधे सगळं बंगळूर आडवं पडलेलं. मुलगा याच गावात आहे असं हणमंतराव लोकांना सांगत, आणि पत्त्याच्या दृष्टीने ते खरंही होतं. दोघांची भेट गौरी-गणपतीला होई. सून सिद्धी पुण्याची, मोठी गुणी मुलगी. तिच्या माहेरी मात्र दोघं वर्षातून बऱ्याचदा जात, कारण पुणं विमानाने जवळ पडतं. विमानतळाच्या वाटेवर येलहंका लागतं. जाताना ती दोघं हणमंतरावांच्या घराच्या वरून, म्हणजे उड्डाणपुलावरून, जात. विमान चुकेल म्हणून जाताना थांबता येत नसे आणि दमलेली असत म्हणून येताना. अशा दिवशी हणमंतरावांच्या पत्नी सकवारबाई गच्चीवर कपडे वाळत घालायला जरा जास्त वेळ घेत. पुलावरून गाड्या जात. कुठली त्यांची ते कळत नसे, म्हणून त्या सगळ्याच बघत.

हणमंतरावांनी वकिलांच्या जिन्यातूनच फोन लावला.

"यशू, लॉरी धरली रे."

"कुठली लॉरी?"

"कुठली म्हणजे? तुझी."

"माझी? अण्णा, माझी लॉरी कुठेय?"

"पोलीस ठाण्यात."

मग यशोवर्धन कुणाला तरी इंग्रजीत म्हणाला, की मला पाच मिनिटं द्या, घरी इमर्जन्सी आहे. 'घरी' हा शब्द हणमंतरावांनी नीट ऐकला.

"तुला यायला लागतंय," ते म्हणाले. "मी म्हणत नाही. कोर्ट म्हणतंय."

पहिल्या तारखेला यशोवर्धन पाठीला लॅपटॉपची बॅग लावून आला. तालुक्याच्या त्या कोर्टात व्हरांड्यातल्या बाकावर बाप-लेक शेजारी शेजारी बसले. मुलगा मांडीवर लॅपटॉप उघडून काम करत होता आणि हणमंतराव त्याच्याकडे बघत होते. मुलाच्या कानामागे पांढरे केस आले होते. हे कधी झालं ते विचारावं असं त्यांना वाटलं, पण मुलगा मीटिंगमध्ये होता. दुपारी पुकारा झाला. कोर्टाने अर्ज वाचला, खाण खात्याला त्यावर म्हणणं मांडायला सांगितलं आणि पुढची तारीख दिली.

"एवढंच?" यशोवर्धन म्हणाला.

"आता आलायस तर स्वल्प काहीतरी खाऊन जा," हणमंतराव म्हणाले.

समोरच्या दर्शिनीत, म्हणजे उभ्याने खायच्या हॉटेलात, टेबलाशी त्यांनी खाली डोसा, म्हणजे भाजीविना साधा डोसा, खाल्ला आणि बाय-टू कॉफी घेतली, म्हणजे एक कॉफी दोन पेल्यांत. दोन पूर्ण कॉफ्या घेणं दोघांनाही परवडलं असतं. पण हणमंतराव बाय-टूच म्हणाले आणि यशोवर्धनने एक पेला आपल्याकडे ओढला.

घरी सकवारबाई दारातच उभ्या होत्या. लॉरीचं काय झालं हे त्यांनी विचारलंच नाही.

"कसा आहे? वाळलाय का?"

"दाढी ठेवलीय."

"बरी दिसते?"

"कोर्टात बरी दिसते."

"काय म्हणाला?"

"म्यूटवर आहे म्हणाला."

"एक विचारू? पोराचं तोंड बघायला तुम्हीच तर धरवली नाहीत ना लॉरी?"

"वेडी आहेस का? परसू चहाला थांबला."

"मग परसूला एक धोतरजोडी घ्या दसऱ्याला," म्हणून सकवारबाई आत गेल्या.

दुसऱ्या तारखेच्या आधी खंडेनवमी आली. हणमंतरावांनी पुन्हा फोन केला. लॉरी ठाण्यात असली तरी वाहन ते वाहन, पूजा चुकवता येत नाही आणि पहिलं कुंकू मालकाचं. यशोवर्धनला सुट्टी होती, सिद्धी माहेरी गेली होती. तो आला.

बंगळुरात खंडेनवमीच्या आयुधपूजेला जे जे चालतं, फिरतं किंवा कापतं त्याची पूजा होते, आणि पोलीस ठाणं त्याला अपवाद नाही. जीप धुऊन तिला केळीचे खुंट बांधले होते. टेबलावर पांढरी चादर घालून बंदुका मांडल्या होत्या, आणि बेड्यांनाही हळद-कुंकू वाहिलं होतं. आवाराच्या मागच्या बाजूला जप्त गाड्या ओळीने उभ्या होत्या. एका ट्रॅक्टरच्या सीटमधून लिंबाचं रोप वर आलं होतं. माने यांच्या लॉरीतल्या वाळूवर पावसाने बारीक गवत उगवलं होतं. नदीला या प्रकरणात कुणी पक्षकार केलेलं नव्हतं, तिने आपल्या परीने म्हणणं मांडलं होतं.

"बन्नी, बन्नी, या माने अण्णा," हेड कॉन्स्टेबल म्हणाला. "तुमचीच वाट बघत होतो. एक कोहळा जास्तीचा आणलाय."

"आमच्यासाठी?"

"आता आमच्याच आवारात राहते ना. तिला एकटीलाच कसं वगळायचं?"

यशोवर्धन बूट काढून केबिनमध्ये चढला. बराच वेळ उतरला नाही. हणमंतराव खालून बघत होते. त्याने स्टिअरिंगवर हात ठेवले, गिअर हलवून बघितला, आरशावरची धूळ बाहीने पुसली. अठराव्या वर्षी हणमंतरावांनी त्याला हीच लॉरी येलहंक्याच्या कोरड्या पडलेल्या तळ्यात चालवायला शिकवली होती. पहिल्याच दिवशी त्याने ती चिखलात घातली होती आणि दोघं संध्याकाळपर्यंत चाकांखाली दगड लावत बसले होते. त्यानंतर त्या दोघांनी मिळून केलेलं असं कुठलंच काम हणमंतरावांना आठवत नव्हतं. फी भरली, घर बघितलं, लग्न केलं. पण ती कामं वेगवेगळी उभं राहून केली.

"अण्णा, क्लच अजून तसाच आहे," यशोवर्धन वरून म्हणाला. "डावा पाय मोडायचा माझा."

"तू बसवायचा होतास नवा. मालक तू."

यशोवर्धन हसला आणि खाली उतरून कुंकू लावू लागला. माने घराण्यात पूजा हात राखून करत नाहीत. बॉनेटला, दिव्यांना, चाकांना, आणि नंबरप्लेटवर तर ओंजळभर. हार घातले, दोन्ही बाजूंना केळीचे खुंट बांधले, चाकांखाली लिंबं ठेवली, हेड कॉन्स्टेबलने कोहळा फोडला. कोर्टात द्यायला लॉरीचे चारी बाजूंनी फोटो काढून ठेवा, असं भीमाचार्यांनी सांगितलंच होतं. आजच्याइतकी ती पुन्हा कधी चांगली दिसणार, असा विचार करून हणमंतरावांनी फोटो तेव्हाच काढून घेतले. एका फोटोत त्यांनी मुलालाही उभं केलं.

दुसऱ्या तारखेला सरकारी वकिलांनी ते फोटो हातात घेतले आणि उभे राहिले. पंचनाम्यातली लॉरी पिवळी, मातीने माखलेली, अशी आहे; फोटोतली लॉरी केशरी दिसते. नंबरातले तीन आकडे कुंकवाखाली गेले आहेत. दोन्ही बाजूंना केळी आहेत. मागे पोलीस जीप आहे आणि तिलाही तोच हार आहे. ओळख पटत नाही.

मॅजिस्ट्रेट बाईंनी फोटो वर-खाली करून बघितले. "वकीलसाहेब, हा मुद्देमाल आहे की वरात?"

भीमाचार्यांनी मान खाली घातली. बाईंनी लॉरी धुऊन नवे फोटो आणायला सांगितले आणि तारीख दिली.

"मुद्देमालाला हात लावायचा नसतो!" बाहेर येऊन भीमाचार्य ओरडले. "तुम्ही त्याला कुंकू लावलंत!"

"सवाष्ण आहे ती," हणमंतराव म्हणाले.

यशोवर्धनला दर्शिनीत हसू आवरेना. 'वरात' म्हणायचा आणि पुन्हा हसायचा. कॉफी सांडली म्हणून दुसरी मागवली, तीही बाय-टू. फोन वाजला तो त्याने उलटा करून ठेवला. मग, चिखलात लॉरी रुतली त्या दिवशी आई कशी ओरडली होती ते त्याने बापालाच सांगितलं, जणू बाप तिथे नव्हताच. हणमंतरावांनी सगळं पहिल्यांदा ऐकत असल्यासारखं ऐकलं. दर्शिनीत बसायला खुर्च्या नसतात. त्या दिवशी त्यांचे पाय दुखले नाहीत.

तिसऱ्या तारखेला नवे फोटो चोख होते, खाण खात्याचा विरोध जेमतेम होता, सगळं जुळून आलं होतं. कोर्टाने मूळ आर.सी. कार्ड मागितलं. हणमंतरावांनी सगळे खिसे चाचपले आणि ते घरी राहिल्याचं जाहीर केलं. पुढची तारीख मिळाली. बाप-लेकांनी इडली खाल्ली.

संध्याकाळी हणमंतराव शर्ट खुंटीला लावताना जरा सांभाळून लावत होते.

"खिशात काय आहे?" सकवारबाई म्हणाल्या.

"सुपारी."

"दाखवा बघू ती सुपारी."

त्यांनी कार्ड काढून हातावर ठेवलं. सकवारबाईंनी ते उलटसुलट करून बघितलं. त्यावर यशोवर्धनचा अठराव्या वर्षीचा फोटो नव्हता, कारण लॉरीच्या कार्डावर मालकाचा फोटो नसतो, तरी त्यांनी बराच वेळ बघितलं. हणमंतराव बोलणी खायला तयार होऊन उभे होते.

"पुढच्या तारखेला मी येते," सकवारबाई म्हणाल्या. "चित्रान्न करून आणते. हॉटेलचं काय खाता रोज रोज."

चौथ्या तारखेला तिघं बाकावर बसले. चित्रान्नाचा डबा मधे होता. यशोवर्धनने लॅपटॉप आणलाच नव्हता. रजा टाकून आलोय, म्हणाला, आता थोड्याच उरल्या. ते 'थोड्याच उरल्या' हणमंतरावांच्या कानावर पडलं, पण त्यांनी तिकडे फारसं लक्ष दिलं नाही. आर.सी. दिलं, बाँड झाला. जामीनदार कोण, असं विचारल्यावर हणमंतराव पुढे झाले. घरपट्टीची पावती दिली. मॅजिस्ट्रेट बाईंनी चष्म्यावरून बघितलं.

"अर्जदाराला किती वर्षांपासून ओळखता?"

हे सगळ्यांनाच विचारतात. उत्तर पटकन द्यायचं असतं. हणमंतराव मुलाकडे बघू लागले. भीमाचार्यांनी त्यांना कोपराने ढोसलं.

"जन्मापासून," ते म्हणाले. "पण जास्त ओळख आत्ता आत्ता झाली."

स्टेनोने विचारलं, की दुसरं वाक्यही टाइप करायचं का. बाई म्हणाल्या, पहिलं पुरे.

मग त्यांनी हुकूम सांगितला. लॉरी अंतरिम ताब्यात द्यावी. रंग-रूप बदलू नये. विकू नये, दुसऱ्याच्या नावावर करू नये. आणि नोंदणीकृत मालकाने खटला संपेपर्यंत प्रत्येक तारखेला जातीने हजर राहावं.

हणमंतरावांनी बाहेर येऊन भीमाचार्यांना एका बाजूला घेतलं.

"असा खटला किती चालतो?"

"घाबरू नका हो. सात-आठ वर्षं तर कुठे गेली नाहीत."

"आणि त्याच्यावर अपील असतं ना?"

भीमाचार्यांच्या सबंध वकिलीत हा प्रश्न या सुरात त्यांना कुणी विचारला नव्हता. "असतं," ते म्हणाले.

"सरी," हणमंतराव म्हणाले. "ठीक आहे, सावकाश होऊ द्या."

लॉरी घरी आली. बॅटरी उतरली होती, टूलबॉक्स गेला होता, वाळूही पंचनाम्याइतकी राहिली नव्हती. हणमंतरावांनी कुरकुर केली नाही. पुढची तारीख जानेवारीत होती. सकवारबाईंनी ठरवून टाकलं होतं, की तोवर बाजारात अवरेकाय, म्हणजे पावट्याच्या शेंगा, येईल, तेव्हा दाणे सोलून त्यांची आमटी करायची, यशूला लहानपणी ती वाटी-वाटी लागायची. त्या म्हणाल्या, सिद्धीलाही बोलवा, कोर्टात सुनेला मनाई थोडीच आहे. हणमंतराव म्हणाले, साक्षीदार म्हणून नाव घालायला सांगतो. दोघं रात्री जेवताना खटल्याबद्दल बोलत. बोलायला एवढा चांगला विषय त्या घरात बऱ्याच दिवसांनी आला होता.

डिसेंबर संपता संपता यशोवर्धनचा फोन आला. आवाज खूश होता.

"अण्णा, गुड न्यूज. केस संपली."

"कुठली केस?"

"आपली! मी जरा शोधलं. खात्याकडे दंड भरून तडजोड करता येते. ऑनलाइनच होतं सगळं, मी इथून भरून टाकला. भीमाचार्यांना कागद पाठवला, त्यांनी कोर्टात दिला, आज बंद झाली. परसूवरचा गुन्हापण मिटला."

सकवारबाई सुपात अवरेकाय घेऊन बसल्या होत्या. बाजारात नुकतंच आलं होतं. त्यांनी खुणेनेच विचारलं, काय म्हणतोय.

"अण्णा? ऐकताय ना?"

"ऐकतोय. चांगलं केलंस."

"मला बघवेना हो. या वयात तुम्ही त्या बाकावर बसायचं, आई डबे घेऊन येणार. माझ्यासाठी तुम्हाला किती त्रास झाला."

"त्रास नाही रे."

"तुम्ही म्हणणारच नाही."

"मग जानेवारीत..."

"जानेवारीची तारीख रद्द. आता कुणालाच यायला नको."

"सरी," हणमंतराव म्हणाले. "सरी, सरी."

"आणि अजून एक. ती लॉरी पण तुमच्या नावावर करून टाकतो. आता केस नाही म्हणजे मनाई नाही. उद्या परत काही झालं तर माझ्यावाचून अडायला नको तुमचं. मी फॉर्म भरलाय, फक्त तुमच्या मोबाइलवर ओटीपी येईल."

"तो द्यायला तिकडे यावं लागेल का?" हणमंतराव म्हणाले. "का तू येतोस?"

"नाही हो अण्णा. फोनवर सांगितला तरी चालतो."

ओटीपी आला. हणमंतरावांनी चष्मा लावून एकेक आकडा वाचला. फोनवर सांगितला, तरी चालला.